आधी कंदील विझवा

सातारा-सांगलीकडच्या माणसाला जगात बऱ्याच बाबतींत गंडवता येईल. जमिनीच्या व्यवहारात, भिशीत, झालंच तर निवडणुकीत. पण हळद, पेढा आणि भडंग या तीन विषयांत त्याला गंडवणारा अजून जन्माला यायचा आहे. सांगलीच्या मार्केट यार्डात हळदीचा सौदा निघतो तेव्हा खरेदीदार ढिगातलं एक हळकुंड उचलतो, कटकन मोडतो, आतला रंग बघतो आणि मगच भावाचं तोंड उघडतो. साताऱ्यात कंदी पेढ्यावरून एकाच घरात दोन पक्ष असतात आणि सोयरीक जुळवताना पत्रिकेइतकाच पेढेवालाही जुळवून घ्यावा लागतो. या अभिमानाला कायद्याचाही टेकू आहे. सांगलीचा बेदाणा, सांगलीची हळद, साताऱ्याचा वाघ्या घेवडा यांना भौगोलिक मानांकन आहे. २०२४ साली मिरजेच्या सतारीला आणि तानपुऱ्यालाही ते मिळालं. आमच्या मालाचं नाव दुसऱ्या कुणी आपल्या पिशवीवर छापलं तर आम्ही कोर्टाची पायरी चढू शकतो.

आणि हीच माणसं आपल्या दुकानात कॉम्प्युटर लावतात तेव्हा त्यातलं विंडोज कुठून आलं, ऑफिस कुणाच्या नावावर आहे, फोटोशॉप कुणी घातलं, यातलं एकही हळकुंड मोडून बघत नाहीत. "चालतंय की!" एवढ्यावर विषय मिटतो.

यात निव्वळ लबाडी आहे असं मात्र मला वाटत नाही. नव्वदच्या दशकात आपल्याकडचे छापखाने बदलले. खिळे जुळवणारी माणसं हळूहळू घरी बसली आणि गल्लीच्या तोंडाशी 'डीटीपी सेंटर' अशा पाट्या लागल्या. मराठी अक्षरांसाठी पुण्याच्या मॉड्युलर इन्फोटेकचं श्रीलिपी होतं, सी-डॅकचं आयएसएम होतं. श्रीलिपीला डोंगल असायचं. बोटाच्या पेराएवढं कुलूप, ते कॉम्प्युटरच्या मागे खोचल्याशिवाय अक्षर उमटायचं नाही. त्यामुळे ते विकत घेण्यावाचून बऱ्याच जणांना इलाज नव्हता. रात्री दुकान बंद करताना गल्ल्यातली रोकड आणि डोंगल या दोन वस्तू खिशात घालून घरी नेणारे मालक मी पाहिलेत. कॉम्प्युटर तिथेच, डोंगल उशाशी.

बाकीचा संसार मात्र सगळा उसनवारीचा. पेजमेकर, कोरल, फोटोशॉप यांची किंमत ऐकली तर पत्रिका छापणाऱ्याच्या तीन हंगामांची कमाई त्यात जावी. साताऱ्यात ते विकणारा माणूस नाही, हप्त्याची सोय नाही, आणि बँकेत 'सॉफ्टवेअरसाठी कर्ज' म्हटलं तर मॅनेजरने "तारण काय, सीडी?" असं विचारलं असतं. मग कुणीतरी पुण्या-मुंबईला गेलं की येताना मार्करने 'कोरल + फोटोशॉप + ३०० फॉन्ट' असं लिहिलेली सीडी घेऊन यायचं. त्या सीडीवर या भागातली निम्मी लग्नं छापली गेली. पेजमेकरची सातवी आवृत्ती २००१ साली आली, ती शेवटची. तिच्या मालक कंपनीने तिला केव्हाच निरोप दिला, पण आमच्याकडे ती अजून माहेरपणाला आल्यासारखी मुक्काम ठोकून आहे. खाल्ल्या मिठाला जागायचं तर एवढं मान्य केलं पाहिजे की उसनवारीतून का होईना, एक अख्खा धंदा उभा राहिला आणि शेकडो पोरं त्यावर हाताशी आली.

पण ती सीडी आणि आजचा 'ॲक्टिव्हेटर' यांत फरक आहे. सीडीच्या कव्हरवर एक नंबर लिहिलेला असायचा, तो टाकला की विषय संपायचा. आज नंबराचा जमाना गेला. आज एक छोटा प्रोग्रॅम उतरवून घ्यायचा, त्याने आत जाऊन काहीतरी करायचं, आणि आपण "झालं" असं म्हणायचं. ते काहीतरी काय असतं, हे कळल्यावर मला या प्रकाराबद्दल रागापेक्षा कौतुकच आधी वाटलं.

मोठ्या कचेऱ्यांत शेकडो कॉम्प्युटर असतात. प्रत्येकाला वेगळी चावी देण्याऐवजी मायक्रोसॉफ्टने त्यांच्यासाठी केएमएस नावाची सोय केली. कचेरीतच एक सर्व्हर ठेवायचा, बाकीचे कॉम्प्युटर त्याच्याकडे जाऊन हजेरी लावणार, तो म्हणणार, "हा आपला आहे." ही ओळख १८० दिवस टिकते, आणि मधल्या काळात कॉम्प्युटर दर सात दिवसांनी पुन्हा हजेरी लावायचा प्रयत्न करत राहतो. अट अशी की कचेरीत विंडोजचे निदान २५ कॉम्प्युटर तरी हवेत. बरेच ॲक्टिव्हेटर काय करतात, तर तुमच्या एकट्या मशिनच्या पोटात असा एक खोटा सर्व्हर उभा करतात. म्हणजे सांगलीच्या खणभागात, पिठाच्या गिरणीशेजारी, आठ बाय दहाच्या गाळ्यात बसलेला एकुलता एक कॉम्प्युटर स्वतःला कमीत कमी २५ जणांच्या कचेरीतला नोकरदार समजायला लागतो. साहेबही तोच, शिपाईही तोच, आणि मस्टरवर सही करणाराही तोच.

दुरुस्तीवाल्या पोराच्या तोंडी याला 'लाईफटाईम' म्हणतात. "काका, लाईफटाईम मारून देतो, टेन्शनच न्हाई." आता १८० दिवसांची ओळख जन्मभर टिकवायची तर तिचं नूतनीकरण करणारं कुणीतरी आत कायम राहायला हवं. ते राहतंच. विंडोजच्या ठरलेल्या कामांच्या यादीत एक नोंद करून ते गुपचूप बसतं आणि वेळ आली की उठतं. एक अनोळखी माणूस आपल्या मशिनमध्ये कायमचा मुक्कामाला आहे, त्याच्याकडे सगळ्या खोल्यांच्या किल्ल्या आहेत, आणि त्याला आपण स्वतः दार उघडून घेतलंय. तो सज्जन असेलही. पण ते आपण फक्त त्याच्या गप्प बसण्यावरून ठरवलेलं असतं.

दार कसं उघडतो, तेही बघण्यासारखं आहे. जगातला कुठलाही ॲक्टिव्हेटर घ्या, सोबतच्या सूचना साधारण त्याच. पहिली: अँटिव्हायरस बंद करा. दुसरी: झिप फाइल उघडायला पासवर्ड १२३४. तिसरी: 'रन ॲज ॲडमिनिस्ट्रेटर' करा. या तीन ओळी वाचल्या की मला हरिपूर आठवतं.

सांगलीपासून हाकेच्या अंतरावर, कृष्णा आणि वारणेच्या संगमाकाठी हरिपूर आहे. नाटकवाल्यांना ते गोविंद बल्लाळ देवलांचं गाव म्हणून माहीत, व्यापाऱ्यांना हळदीच्या पेवांचं. पेव म्हणजे जमिनीत खणलेलं खोल कोठार. त्यात हळद भरायची आणि तोंड असं बंद करायचं की हवेला फट राहू नये. आत हवाच नाही म्हटल्यावर कीड कुठून लागणार? हळद वर्षानुवर्षं जशीच्या तशी राहायची. २००५ च्या आणि पुढे २०१९ च्या महापुराने या पेवांची पार दैना केली. पण ज्यांनी त्या काळात काम केलं, ते हमाल एक गोष्ट विसरले नाहीत. पेव उघडलं की लगेच उतरायचं नाही. तोंड काही वेळ मोकळं ठेवायचं, मग दोरीला बांधून पेटता कंदील आत सोडायचा. ज्योत टिकली तर माणूस उतरणार. विझली तर आत श्वास नाही, थांबायचं. तो कंदील पुष्कळदा सातारा जिल्ह्यातल्या ओगलेवाडीच्या कारखान्यातला 'प्रभाकर' असणार, असं मानायला मला आवडतं. हळद सांगलीची, उजेड साताऱ्याचा.

आता पेवाच्या तोंडाशी एखादा पोऱ्या येऊन म्हणाला, "मामा, आधी कंदील विझवा, मग उतरा, आत लय भारी माल हाय," तर हरिपूरच्या हमालाने त्याचं काय केलं असतं? ॲक्टिव्हेटरची पहिली सूचना अक्षरशः हीच आहे. दुसरी सूचना, तो पासवर्ड, ही चोरांपासून फाइल जपण्यासाठी नसते. कुलूपबंद झिपमध्ये वाटेतल्या कुठल्याही तपासनिसाला डोकावता येऊ नये, एवढाच तिचा हेतू. १२३४ हा पासवर्ड जगजाहीर असतो; माणसाला तो कळतो, अँटिव्हायरसला कळत नाही. आणि तिसऱ्या सूचनेने आपण त्या फाइलला घराचं कारभारीपण देऊन टाकतो.

यावर जाणकारांचं ठरलेलं उत्तर असतं: "अँटिव्हायरस उगाच बोंबलतो हो. क्रॅक दिसला की त्याला व्हायरसच वाटतो." हे पूर्ण खोटं नाही. पुष्कळ अँटिव्हायरस निव्वळ क्रॅक, म्हणजे परवान्याचं कुलूप तोडणारी फाइल, आहे म्हणूनही हरकत घेतात. पण सगळी मेख इथेच आहे. राखणदार खोटंच ओरडतोय असं एकदा मनाशी ठरवलं, की तो खरं ओरडेल तेव्हा ओळखायचं कशावरून? ॲक्टिव्हेटरमध्ये भानगड घालून वाटणाऱ्याला याहून सोयीचं गिऱ्हाईक मिळणार नाही. ते स्वतःच्या हाताने पहारा उठवतं आणि वर दुसऱ्यालाही सांगतं की काही होत नाही.

साताऱ्याच्या माणसाने असं करावं याचं मला जास्त वाईट वाटतं, कारण घराघरांत पोचलेला एक पहारेकरी साताऱ्यानेच देशाला दिलाय. क्विक हीलचे कैलाश काटकर मूळचे रहिमतपूरचे, कोरेगाव तालुक्यातले. शिक्षण दहावीपर्यंत. पुण्यात कॅल्क्युलेटर दुरुस्तीच्या दुकानात नोकरी, मग स्वतःचं दुरुस्तीचं दुकान, मग कॉम्प्युटर दुरुस्ती. दुरुस्तीला येणारी मशिनं व्हायरसने आजारलेली असायची. धाकटे बंधू संजय कॉम्प्युटर शिकत होते, त्यांनी औषध लिहायला घेतलं. त्यातून १९९३ साली सुरू झालेली कंपनी २००७ मध्ये क्विक हील झाली आणि २०१६ मध्ये शेअर बाजारात गेली. गंमत अशी की जगातला पहिला गाजलेला पीसी व्हायरस, 'ब्रेन', हाही दोन भावांचाच. लाहोरच्या बासित आणि अमजद फारूक अल्वी यांनी १९८६ साली तो लिहिला, आणि त्यांचं म्हणणं असं की आपलं वैद्यकीय सॉफ्टवेअर लोक फुकट कॉपी करतात, त्यांना चाप बसावा म्हणून. त्यांनी व्हायरसमध्ये स्वतःचं नाव, पत्ता आणि फोन नंबरही घातला होता. इतका सरळमार्गी व्हायरस पुन्हा झाला नाही. पण कॉपी आणि व्हायरस यांचं सख्य जन्मापासूनचं आहे, एवढं त्यावरून दिसतं. आणि आपल्या लोकांची कमाल बघा: आम्ही अँटिव्हायरसही क्रॅक केलेला वापरला.

याचा अनुभव घरातच आला. आमचे दाजी साताऱ्यात पत्रिका आणि फ्लेक्सचं काम करतात. तुळशीचं लग्न लागून गेलेलं, हंगाम भरात, आणि एका सकाळी त्यांच्या कॉम्प्युटरवरच्या सगळ्या फाइलींच्या नावांपुढे एक विचित्र शेपूट लागलं. 'आमच्या ताईच्या लग्नाला यायचं हं'पासून ते आमदारांच्या वाढदिवसापर्यंत एक फाइल उघडेना. प्रत्येक फोल्डरमध्ये इंग्रजी चिठ्ठी ठेवलेली. मी गेलो तेव्हा दाजी चष्मा कपाळावर सरकवून ती वाचत होते.

"पाव्हणं, हे नऊशे ऐंशी डॉलर मागतंय. पण बहात्तर तासांत संपर्क केला तर निम्मी सूट म्हणतंय. चारशे नव्वद. घ्यावं का?"

दाजींच्या आवाजात किंचित कौतुक होतं. एवढी सूट त्यांना आजवर कागदवाल्यानेसुद्धा दिली नव्हती.

ही चिठ्ठी खास त्यांना आलेली नव्हती. 'स्टॉप' किंवा 'डीजेव्हीयू' नावाने ओळखलं जाणारं हे खंडणीखोर कुटुंब २०१८ पासून जगभर हिंडतंय, आणि त्याची ठरलेली वाट म्हणजे क्रॅक, की-जनरेटर आणि ॲक्टिव्हेटर. मोठ्या बँका त्याच्या यादीत नसतात. फुकट काहीतरी शोधणारा घरगुती माणूस, विद्यार्थी, छोटा दुकानदार, हेच त्याचं गिऱ्हाईक. त्याच्या जुन्या प्रकारांवर २०१९ साली एमसिसॉफ्ट कंपनीने उतारा काढला आणि फुकट दिला, पण नव्या प्रकारांना तो बहुतेक वेळा लागू पडत नाही. निम्म्या किमतीचे रुपये केले तरी ओरिजिनल विंडोज घेऊन वर पंगत उठली असती. दाजींनी बॅकअप घेतला नव्हता असंही नाही. घेतला होता; पण ती हार्ड डिस्क बारा महिने तेरा काळ कॉम्प्युटरलाच जोडलेली. चोराने ती काय सोडायची? फाइली परत आल्या त्या गिऱ्हाइकांच्या व्हॉट्सॲपमधून, जिथे मंजुरीसाठी पाठवलेली पानं पडून होती. शाहीर, भटजी, केटरर सगळ्यांना फोन करून दाजींनी हंगाम उभा केला. तेव्हापासून त्यांची बॅकअपची डिस्क शनिवारी जोडली जाते आणि शनिवारीच काढून कपाटात जाते.

तरी बोंब मारणारा चोर परवडला. अलीकडचे बोलतच नाहीत. ते आत येतात, ब्राउझरमध्ये साठवलेले पासवर्ड आणि 'कुकीज' उचलतात आणि निघून जातात. कुकी म्हणजे आपण आधीच आत आलो आहोत याची साइटने दिलेली खूण. ती चोरली की पुष्कळदा पासवर्डही लागत नाही आणि ओटीपीही येत नाही. 'लुमा' नावाचा असा एक चोर २०२५ च्या मार्च ते मे या दोन महिन्यांत ३ लाख ९४ हजार विंडोज मशिनमध्ये सापडल्याचं मायक्रोसॉफ्टने सांगितलं; तो पसरायच्या वाटांमध्ये फुकटच्या क्रॅकची वाट होतीच. आता विचार करा, आपल्याकडे जो कॉम्प्युटर फ्लेक्स करतो तोच दुपारी लोकांचे सातबारा काढतो, पॅनचे अर्ज भरतो, आधारच्या झेरॉक्स स्कॅन करतो. मालकाने वाचवले हजार-दोन हजार, आणि डावावर लागली अख्ख्या वॉर्डाची कागदपत्रं.

कायद्याचंही सांगून टाकतो, म्हणजे ते ओझं उतरेल. कॉपीराइट कायदा १९५७ चा. त्यातलं कलम ६३ ब कॉम्प्युटर प्रोग्रॅमची चोरटी प्रत जाणूनबुजून वापरणाऱ्यासाठी आहे. कमीत कमी सात दिवस ते तीन वर्षं कैद आणि ५० हजार ते दोन लाख दंड. धंद्यासाठी किंवा कमाईसाठी वापर नसेल तर न्यायालय कैद माफ करून ५० हजारांपर्यंतच्या दंडावर सोडू शकतं. म्हणजे घरात पत्ते खेळणाऱ्या आजोबांना जरा सवलत आहे, पत्रिका छापणाऱ्याला नाही. पण खरं सांगायचं तर या कलमाला आमच्याकडे कुणी भीत नाही. "पुण्याहून टीम आलीय" अशी आवई उठली की शटर अर्ध्यावर येतात आणि चहा होईपर्यंत पुन्हा वर जातात.

मग करायचं काय? माझं पहिलं सांगणं अगदी फुकटातलं: आपल्याकडे आधीच काय आहे ते बघा. गेल्या दहा-बारा वर्षांत विंडोजसकट घेतलेल्या लॅपटॉपची चावी बहुधा त्याच्या मदरबोर्डातच कोरलेली असते. सेटिंग्जमध्ये सिस्टीम, त्यात ॲक्टिव्हेशन. तिथे उघडून वाचा. कितीतरी लॅपटॉप असे निघतात की ज्यांच्याबरोबर अस्सल विंडोज होम आलेलं होतं, पैसे मोजलेले होते, आणि पहिल्याच दुरुस्तीत कुणीतरी फॉरमॅट मारून त्यावर नकली प्रो चढवलं. का, तर "प्रो भारी असतंय." दुसरं, नवीन मशिन घेताना दुकानदार "डॉसवाला घ्या, पाच हजार वाचतील" म्हणाला, तर ते पाच हजार पुढे कोण वसूल करणार आहे ते मनात धरा. तिसरं, परवान्याचे पैसे जमेपर्यंत विंडोज बिनॲक्टिव्हेशनचंही चालतं. कोपऱ्यात फिकट अक्षरांत आठवण राहते आणि सेटिंग्जमधून वॉलपेपर, रंग वगैरे बदलता येत नाहीत, इतकंच. ही कायमची सोय नव्हे, अटींप्रमाणे परवाना घ्यायचाच आहे. पण भिंतीवर गणपती लावला असेल तर स्क्रीनवर नसला तरी चालतो. आणि चार-पाचशे रुपयांत मिळणाऱ्या 'ओरिजिनल की'वर भाळू नका. त्या पुष्कळदा कुठल्यातरी कंपनीच्या किंवा कॉलेजच्या वाट्याच्या असतात, आणि कधीही बंद पडतात.

शिकणाऱ्यांची सोय तर कंपन्यांनीच केलेली असते. टॅलीला 'एज्युकेशनल मोड' आहे, फुकट. त्यात महिन्याच्या पहिली, दुसरी आणि एकतीस याच तारखांना नोंद करता येते. सांगलीत या तीन तारखांच्या दुनियेत हिशेब शिकून बाहेर पडलेले अकाउंटंट मार्केट यार्डाचा बारमाही धंदा सांभाळतात. त्यासाठी क्रॅक टॅली कुणाला लागत नाही. लग्नाच्या व्हिडिओवाल्यांसाठी दाविंची रिझॉल्व्हची फुकट आवृत्ती आहे आणि ती नवरदेवाला घोड्यावरून उतरवून ढगांत नेण्याइतकी समर्थ आहे.

आणि मग ते मोठं दालन, ज्यात आपण शिरतच नाही. पत्रं, हिशेब यांसाठी लिबरऑफिस, २०१० पासूनचं, मेनू मराठीत. चित्रासाठी गिंप, डिझाइनसाठी इंकस्केप. पानं लावायला स्क्रायबस; पूर्वी त्यात जोडाक्षरांचे हातपाय वेगळे व्हायचे, २०२४ च्या १.६ आवृत्तीपासून देवनागरी नीट बसते. फॉन्ट म्हणाल तर एक टाइपचे मुक्त आणि बालू, राज्य मराठी विकास संस्थेचे यशोमुद्रा आणि यशोवेणू; एकाही अक्षरासाठी डोंगल नाही. विंडोज १० ला मायक्रोसॉफ्टने १४ ऑक्टोबर २०२५ रोजी नेहमीचा आधार देणं थांबवलं, आणि बऱ्याच जुन्या मशिनवर ११ चढत नाही. अशा मशिनवर लिनक्स मिंट आनंदाने चालतं. केरळच्या सरकारी शाळांत पोरं वर्षानुवर्षं लिनक्सवरच शिकतात आणि त्यांचं काही अडलेलं दिसत नाही.

अडचणी आहेत, त्या लपवण्यात अर्थ नाही. श्रीलिपीत केलेली जुनी कामं युनिकोडमध्ये आणायला वेळ जातो. छापखानेवाला अजून "कोरलची फाइल द्या" म्हणतो, त्याला पीडीएफवर आणायला चार चहा पाजावे लागतात. आणि कोरल-फोटोशॉपवर बसलेला हात नव्या जागी पहिले पंधरा दिवस आंधळ्यासारखा चाचपडतो. ज्यांचं काम त्यावाचून चालतच नाही त्यांनी परवाना घ्यावा. एका वाढदिवसाला चौकात जेवढे फ्लेक्स लागतात तेवढ्या कमाईत वर्षाचं भाडं निघू शकतं. कंपन्यांनीही साताऱ्याच्या गल्लीतल्या दुकानाला न्यूयॉर्कच्या स्टुडिओच्या डोळ्यांनी बघू नये, ही माझी तक्रार आहेच.

मला नवल वाटतं ते एवढंच की सगळ्यांनी थोडं थोडं घालून सगळ्यांसाठी एक मोठी वस्तू उभी करायची, ही कल्पना या भागाला नवी नाही. साखर कारखाना म्हणू नका, दूध संघ म्हणू नका, बँक म्हणू नका, सगळं आम्ही सहकारात केलं. साताऱ्यात कर्मवीर भाऊराव पाटलांनी 'कमवा आणि शिका' सांगितलं. मुक्त सॉफ्टवेअर म्हणजे जगाच्या पाठीवर पसरलेला सहकारच: कुणी कोड लिहितो, कुणी भाषांतर करतो, कुणी चूक दाखवतो, आणि वस्तू सगळ्यांची. पण त्यात संचालक मंडळाची निवडणूक लागत नाही, पॅनल पडत नाही, चेअरमनला गाडी नाही. मग आमच्या लोकांना त्यात रस कुठून वाटणार?

दाजींनी अखेर दोन मशिनपैकी एकावर ओरिजिनल विंडोज घेतलं, पावतीसकट. दुसऱ्या जुन्या मशिनवर लिनक्स घालायचं ठरलं. पोवई नाक्याकडून तोच दुरुस्तीवाला पोरगा आला. अर्ध्या तासात त्याने मिंट चढवलं, लिबरऑफिस उघडून दाखवलं, मुक्तात 'श्री गजानन प्रसन्न' टाइप करून दिलं. मी त्याला सहज विचारलं, "किती झाले?"

"पाचशे."

"आणि क्रॅक मारायचे किती घेत होतास?"

"त्येचंबी पाचशेच, काका."

दाजी उसळले. "मग आजवर हे घाल म्हणून बोलला न्हाईस का रे?"

पोरगं पेनड्राइव्ह काढून खिशात घालत म्हणालं, "तुमी नेहमी लाईफटाईमच मागायचा की. हे मागितलं कुणी?"